पोटगी, परित्यक्ता स्त्रीची
पतीने टाकलेल्या, म्हणजे योग्य कारणावाचून सोडून दिलेल्या किंवा जिच्या पालनपोषणाची हयगय केली आहे अशा, स्त्रीला पतीकडून निर्वाहासाठी मिळणारी रक्कम म्हणजे पोटगी होय. ‘पोट’ ह्या शब्दापासून आलेली ही संज्ञा मराठीत रूढ असली, तरी जुन्या कागदपत्रांत ‘अन्नवस्त्र’ हा शब्द अधिक आढळतो. काही भागांत ‘खावटी’ हा शब्द अद्यापि न्यायालयीन अर्जांतही वापरतात. ‘परित्यक्ता’ हा ग्रंथिक शब्द होय. बोलीत अशा स्त्रीला ‘टाकलेली’ म्हणतात आणि समाजाने तिच्याकडे कसे पाहिले, हे त्या एका शब्दावरून पुरेसे कळते. ती विधवा नसते, घटस्फोटिताही नसते. तिचे लग्न कायद्याच्या दृष्टीने शाबूत असते, पण लग्नाने मिळावयाचा आसरा तेवढा नाहीसा झालेला असतो.

धर्मशास्त्रातील विचार : पत्नीचे भरणपोषण हे पतीचे वैयक्तिक कर्तव्य असून ते त्याच्या मालमत्तेवर अवलंबून नाही, हे तत्त्व हिंदू धर्मशास्त्रात प्रारंभापासून मान्य होते. वृद्ध मातापिता, साध्वी भार्या व लहान मूल ह्यांचे पोषण शंभर अकार्ये करूनही केले पाहिजे, अशा आशयाचे मनूच्या नावावरील वचन मिताक्षरेसारख्या निबंधांत येते. परदेशी जाणाऱ्याने पत्नीच्या वृत्तीची सोय करून जावे, असे मनुस्मृतीत सांगितले असून तशी सोय न केल्यास तिने अनिंद्य शिल्पांवर उपजीविका करावी, असेही म्हटले आहे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात पत्नीला द्यावयाच्या अन्नवस्त्राचे प्रमाण पतीच्या ऐपतीप्रमाणे ठरविण्याचा विचार आढळतो. याज्ञवल्क्याने ह्यापुढे जाऊन शिक्षेचा नियम घातला. आज्ञाधारक, दक्ष, पुत्रवती व प्रियभाषिणी पत्नीचा जो त्याग करील, त्याच्याकडून राजाने त्याच्या द्रव्याचा तिसरा हिस्सा तिला देववावा आणि तो निर्धन असल्यास निदान तिचे पोषण तरी करावयास लावावे, असा तो नियम आहे. दुसरी स्त्री केल्यावरही पहिलीचे भरण चुकत नाही, असेही याज्ञवल्क्य सांगतो. मात्र ह्या संरक्षणाला पात्र होण्यासाठी पत्नीच्या अंगी असावयाच्या गुणांची यादी बरीच लांब आहे, हे लक्षात घेण्याजोगे आहे. ‘चांगल्या’ स्त्रीलाच पोटगी, ही कल्पना तेथे जी रुजली ती आधुनिक कायद्यातूनही पूर्णपणे गेलेली नाही.

महाराष्ट्रात प्रत्यक्ष व्यवहार मात्र शास्त्रापेक्षा जातीच्या रूढींवर अधिक चाले. अनेक जातींत काडीमोड, फारकत वा सोडचिठ्ठी मिळून स्त्रीला पाट लावता येई आणि तंटा जातपंचायतीपुढे मिटे. ज्या जातींत पुनर्विवाह निषिद्ध होता, तेथे टाकलेल्या स्त्रीला माहेर हाच आधार उरे. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनच्या कारकीर्दीत आर्थर स्टील ह्याने दख्खनमधील जातींच्या रूढींचा जो संग्रह केला, त्यात ह्या भेदांची तपशीलवार नोंद आहे. १८२७ च्या मुंबई विनियम ४ अन्वये कायदा नसेल तेथे देशाची रूढी व ती नसल्यास प्रतिवादीचा धर्मशास्त्रीय कायदा लावण्याचे ठरले आणि अन्नवस्त्राचे दावे दिवाणी न्यायालयांत येऊ लागले. पण दिवाणी दावा म्हणजे मुद्रांक, वकील व वर्षानुवर्षांची प्रतीक्षा. जिच्या घरात उद्याचे तांदूळ नाहीत, तिच्या दृष्टीने ह्या उपायाचा उपयोग बेताचाच होता.

फौजदारी संहितेतील तरतूद : ह्या अडचणीवर उपाय अनपेक्षित दिशेने आला. १८६१ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम ३१६ अन्वये, ऐपत असून पत्नीची वा मुलाची उपेक्षा करणाऱ्यास दरमहा ५० रुपयांपर्यंत रक्कम देण्याचा हुकूम करण्याचा अधिकार दंडाधिकाऱ्यास मिळाला. हेच कलम १८७२ च्या संहितेत ५३६ व्या क्रमांकाने आणि १८८२ व १८९८ च्या संहितांत ४८८ व्या क्रमांकाने आले. तरतुदीमागील हेतू स्त्रीच्या हक्काचा नव्हता. निराधार माणसे रस्त्यावर येऊन भटकेगिरी व गुन्हेगारी वाढू नये, हा राज्यकर्त्यांचा उद्देश होता व जेम्स फिट्झजेम्स स्टीफन ह्या कायदेपंडिताने तिचे समर्थन त्याच भूमिकेवरून केले. ही तरतूद गुन्ह्यांच्या संहितेत का आहे, असा प्रश्न नेहमी विचारला जातो, त्याचे उत्तर येथे मिळते. पोटगी न देणे हा स्वतः गुन्हा नाही; कार्यवाही दिवाणी स्वरूपाची, पण वसुलीचे साधन मात्र फौजदारी, अशी ही संमिश्र रचना आहे. तिचा एक लाभ असा की, ती कोणत्याही धर्माच्या स्त्रीला सारखीच उपलब्ध झाली.

रकमेची कमाल मर्यादा १९२३ मध्ये १०० रुपये व १९५५ मध्ये ५०० रुपये करण्यात आली. १९४९ च्या दुरुस्तीने एक महत्त्वाची भर पडली. पतीने दुसरे लग्न केले असल्यास किंवा रखेली ठेवली असल्यास त्याच्याबरोबर राहण्यास पत्नीने दिलेला नकार सकारण मानावा, असे ठरले. तोपर्यंत ‘मी तिला नांदवावयास तयार आहे’ एवढे पतीने न्यायालयात म्हटले, की अर्जातील हवा निघून जाई.

पनवेल आणि मुंबई ह्यांमधील अंतर : ह्या कायद्यातील एका तांत्रिक तरतुदीचा परिणाम समजण्यासाठी पनवेलसारख्या तालुक्याची स्थिती पाहणे उपयुक्त ठरते. खाडीकाठचे बंदर व बोरघाटाकडे जाणाऱ्या रस्त्यावरील पेठ म्हणून पनवेल जुने गाव असून तेथील नगरपालिका १८५२ ची, म्हणजे राज्यातील अगदी आरंभीच्या नगरपालिकांपैकी आहे. हा तालुका १८८३ पर्यंत ठाणे जिल्ह्यात होता. त्यानंतर तो कुलाबा जिल्ह्यात आला व १९८१ मध्ये त्या जिल्ह्याचे नाव रायगड झाले. भाताचे एक पीक, मिठागरे व मासेमारी ह्यांवर भागत नसल्यामुळे कोकणातील पुरुष मुंबईच्या गिरण्यांत व गोदीत कामास जात आणि बायकामुले गावी राहत. घर मनिऑर्डरीवर चाले. मनिऑर्डर यावयाची थांबली, की तो मनुष्य आजारी आहे, बेकार झाला आहे, की त्याने मुंबईत दुसरा संसार थाटला आहे, हे कळावयास गावी काही महिने लागत.

आता १८९८ च्या संहितेप्रमाणे पोटगीचा अर्ज कोठे करावयाचा? पती जेथे राहतो वा असतो, अथवा त्याने पत्नीसह जेथे शेवटचे वास्तव्य केले, त्याच ठिकाणच्या दंडाधिकाऱ्यापुढे. पत्नी स्वतः कोठे राहते, ह्याला कायद्यात स्थान नव्हते. मुंबईत नवऱ्याच्या खोलीतून बाहेर पडून पनवेल तालुक्यातील माहेरी आलेल्या स्त्रीला पनवेलला अर्ज करता येत नसे. तिने खाडीपलीकडे जाऊन गिरगाव किंवा माझगाव येथील प्रेसिडेन्सी दंडाधिकाऱ्यापुढे उभे राहावे, अशी अपेक्षा होती. प्रत्येक तारखेला भाडे, मुंबईत मुक्कामाची सोय, बरोबर भाऊ किंवा बाप, त्याची बुडालेली मजुरी, असा खर्च मागितलेल्या पोटगीहून अधिक होई. ज्या स्त्रिया न्यायालयापर्यंत पोहोचल्याच नाहीत, त्यांची नोंद कोणत्याही दप्तरात नाही. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने कलम १२६ मध्ये ‘जेथे पत्नी राहते’ हे शब्द घातले. वकीलवर्गाबाहेर ह्या बदलाची फारशी चर्चा झाली नाही. तथापि कोकणातील परित्यक्तांच्या दृष्टीने रकमेच्या मर्यादेपेक्षाही तो मोलाचा होता, असे म्हणावयास हरकत नाही. १ एप्रिल १९७४ पासून पनवेलच्या स्त्रीला पनवेलच्याच प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्याकडे दाद मागता येऊ लागली.

हिंदू कायद्यातील सुधारणा : एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात विवाहविषयक वादात पत्नीपेक्षा पतीच न्यायालयाचा आश्रय अधिक आग्रहाने घेत. मुंबईतील रखमाबाई खटल्यात (१८८४–८८) पत्नीने नांदावयास यावे म्हणून पतीने दावा केला आणि ती न गेल्यास तुरुंगवासाची तरतूद होती. नांदविण्याच्या दाव्याचे हे शस्त्र पुढेही पोटगीच्या अर्जाला उत्तर म्हणून वापरले गेले. १९४६ मध्ये हिंदू विवाहित स्त्रियांच्या विभक्त निवासाचा व पोटगीचा कायदा झाला. त्याच वर्षी मुंबई प्रांताने हिंदूंच्या द्विभार्या विवाहांस बंदी केली व १९४७ मध्ये घटस्फोटाचा कायदा केला. द्विभार्याबंदीच्या वैधतेला आव्हान देण्यात आले, तेव्हा १९५१ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात न्या. छागला व न्या. गजेंद्रगडकर ह्यांनी ती वैध ठरविली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर ह्यांनी पुढे नेलेल्या हिंदू संहिता विधेयकात पोटगीचे प्रकरण होते. विधेयक रखडल्यावर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपद सोडले आणि त्यातील तरतुदी पुढे तुकड्यातुकड्यांनी संमत झाल्या. १९५५ च्या हिंदू विवाह अधिनियमात दाव्याच्या काळातील व कायम पोटगीची आणि १९५६ च्या दत्तक व निर्वाह अधिनियमातील कलम १८ मध्ये विवाह न मोडता विभक्त राहून पोटगी मागण्याची सोय झाली. परित्याग, क्रूरता, दुसरी पत्नी हयात असणे, रखेली, धर्मांतर ही त्याची प्रमुख कारणे होत. पतीचा कुष्ठरोग हेही एक कारण होते. ते २०१९ मध्ये वगळण्यात आले. पनवेलजवळ नेरे येथे कुष्ठरोग निवारण समितीचे शांतिवन आहे. हा रोग झाला म्हणून घरातून बाहेर काढलेल्या स्त्रियांसाठी मात्र कायद्याने असे वेगळे कारण कधीच दिले नव्हते.

ह्याच अधिनियमातील मालमत्ताविषयक तरतुदींना १९७० नंतर पनवेल व उरण तालुक्यांत वेगळे महत्त्व आले. नवी मुंबईसाठी सिडकोमार्फत तेथील गावांच्या जमिनी संपादन झाल्या व सातबाऱ्यावरील नावाप्रमाणे मोबदला दिला गेला. १९८४ च्या जासईच्या आंदोलनानंतर पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडांची योजना आली. जमीन बहुधा पुरुषाच्या नावे असे. पोटगीचा बोजा हुकूमनाम्याने वा कराराने चढविला नसेल, तर तो मालमत्तेवर आपोआप येत नाही. मात्र पोटगीचा हक्क माहीत असून किंवा विनामोबदला जमीन घेणाऱ्याविरुद्ध तो बजावता येतो, असे मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचे कलम ३९ व १९५६ च्या अधिनियमाचे कलम २८ सांगते. वेळीच बोजा चढवून न घेतलेल्या स्त्रीला जमिनीची रोकड होऊन ती खर्च झाल्यावर हाती घेण्यासारखे काही उरत नाही.

संहिता, १९७३ व तिच्यावरील निर्णय : नव्या संहितेच्या कलम १२५ ने घटस्फोटित स्त्रीस, ती पुनर्विवाह करीपर्यंत, पत्नीच्या व्याख्येत घेतले आणि वृद्ध मातापित्यांनाही हक्क दिला. पत्नी स्वतःचा निर्वाह करण्यास असमर्थ असली पाहिजे, पतीस पुरेशी ऐपत असली पाहिजे व त्याने हयगय केलेली असली पाहिजे, हे तीन घटक सिद्ध व्हावे लागतात. जी व्यभिचारात राहते, सबळ कारणाशिवाय पतीकडे राहण्यास नकार देते किंवा परस्परसंमतीने विभक्त राहते, तिला पोटगी मिळत नाही. नांदविण्याचा हुकूमनामा पतीने मिळविला एवढ्यावरून पत्नीचा हक्क आपोआप नष्ट होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केले. एकोणिसाव्या शतकापासूनच्या वादाचे उत्तर एवढ्या उशिरा मिळाले.

५०० रुपयांची मर्यादा सर्वांना मिळून की प्रत्येकास स्वतंत्र, ह्या प्रश्नावर १९७८ मध्ये न्या. कृष्ण अय्यर ह्यांनी ती प्रत्येकास स्वतंत्र असल्याचा निर्णय दिला. महाराष्ट्राने १९९९ मध्ये मर्यादा दीड हजार केली व २००१ च्या केंद्रीय दुरुस्तीने ती पूर्णपणे काढून टाकली. १९५५ चे ५०० रुपये महागाईच्या चार दशकांत तसेच राहिले, ही गोष्ट विधिमंडळांच्या अग्रक्रमाविषयी बरेच सांगून जाते. अर्ज प्रलंबित असताना अंतरिम पोटगी देण्याचा अधिकार १९८५ मध्ये न्यायालयीन निर्णयाने आणि २००१ मध्ये कायद्याने मान्य झाला. अशा अर्जाचा निकाल शक्यतो ६० दिवसांत लावावा, असे दुरुस्तीत म्हटले आहे.

दुसऱ्या पत्नीचा प्रश्न महाराष्ट्रातूनच सर्वोच्च न्यायालयापुढे गेला. यमुनाबाई आढाव खटल्यात १९८८ मध्ये न्यायालयाने असे ठरविले की, पहिली पत्नी हयात असताना विधिपूर्वक लग्न लागले, तरी दुसरा विवाह शून्य असल्याने त्या स्त्रीला ‘पत्नी’ म्हणून पोटगी मागता येत नाही. पतीचे पहिले लग्न तिला माहीत नव्हते, ह्या म्हणण्यालाही किंमत मिळाली नाही. फसवणूक पुरुषाने करावी व दंड स्त्रीने भरावा, असा ह्याचा व्यावहारिक अर्थ झाला. २०१३ मध्ये महाराष्ट्रातील दुसऱ्या एका प्रकरणात न्यायालयाने ही कठोरता सैल केली. पहिला विवाह लपवून लग्न करणाऱ्या पुरुषाला स्वतःच्या लबाडीचा फायदा घेता येणार नाही आणि निदान पोटगीपुरती तरी ती स्त्री पत्नीच होय, असे ठरले. दरम्यान २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक अधिनियमाने, विवाहसदृश संबंधात राहिलेल्या स्त्रीसही आर्थिक साहाय्य व निवाऱ्याचा हक्क दिला होता.

मुस्लिम परित्यक्ता : कोकणातील मुस्लिम कुटुंबांतही पुरुष मुंबईस, जहाजांवर वा परदेशी जाण्याची प्रथा जुनी आहे. कलम ४८८ विवाह टिकून असेपर्यंतच लागू असल्यामुळे अर्ज होताच तलाक देऊन जबाबदारी झटकता येई. १९७३ च्या संहितेने घटस्फोटितेचा समावेश केला तो ही पळवाट बंद करण्यासाठी. तथापि व्यक्तिगत कायद्याप्रमाणे देय रक्कम दिलेली असल्यास हुकूम रद्द करण्याची तरतूद कलम १२७ मध्ये मागाहून ठेवण्यात आली. मुंबईतील एका प्रकरणात ५,००० रुपये मेहेर व इद्दतीचे १८० रुपये दिल्यावर पतीने हात झटकले, तेव्हा १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही रक्कम निर्वाहास वाजवी पर्याय ठरत नाही, असे सांगून स्त्रीचा हक्क मान्य केला. चिपळूणजवळच्या मिरजोळीचे हमीद दलवाई ह्यांनी १९६६ मध्ये मुंबईत सात मुस्लिम स्त्रियांचा मोर्चा विधिमंडळावर नेला होता व १९७० मध्ये पुण्यास मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले. २३ एप्रिल १९८५ च्या शाहबानो निर्णयानंतर ह्या मंडळाने तलाकमुक्ती मोर्चा काढून घटस्फोटितांचे म्हणणे लोकांपुढे मांडले. १९८६ च्या अधिनियमाने त्या निर्णयाचा परिणाम मर्यादित करण्याचा प्रयत्न केला. २००१ मध्ये दानियल लतीफी खटल्यात, इद्दतीच्या मुदतीत संपूर्ण भावी आयुष्याची वाजवी तरतूद केली पाहिजे, असा त्याचा अर्थ लावण्यात आला आणि १० जुलै २०२४ च्या निर्णयाने कलम १२५ चा मार्गही घटस्फोटित मुस्लिम स्त्रीस खुला असल्याचे निःसंदिग्धपणे सांगितले.

परित्यक्तांची चळवळ : महाराष्ट्रात परित्यक्तांचा प्रश्न न्यायालयाबाहेर प्रथम संघटितपणे मांडला गेला तो १९८० नंतरच्या दशकात. समता आंदोलनाने १९८८ मध्ये संगमनेर येथे परित्यक्ता स्त्रियांची परिषद भरविली. सांगली जिल्ह्यात इंदुताई पाटणकर व त्यांच्या सहकाऱ्यांनी परित्यक्तांना संघटित केले. पोटगीबरोबरच स्वतंत्र शिधापत्रिका, घरासाठी जागा, उपजीविकेस जमीन ह्या मागण्या पुढे आल्या. वरवर किरकोळ वाटणाऱ्या शिधापत्रिकेच्या मागणीत मोठा अर्थ होता. नाव पतीच्या कुटुंबात अडकलेले असेपर्यंत शासनाच्या दप्तरी ती स्त्री स्वतंत्रपणे अस्तित्वातच नव्हती. राज्याने १९९४ मध्ये आपले पहिले महिला धोरण जाहीर केले.

वसुली : हुकूम मिळणे व पैसे मिळणे ह्यांत बरेच अंतर असते. रक्कम थकल्यास दंडाधिकारी वसुलीचे वॉरंट काढतो व तरीही ती न दिल्यास प्रत्येक थकीत महिन्याबद्दल एक महिन्यापर्यंत कैद देऊ शकतो. वसुलीचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून एक वर्षात करावा लागतो. कैद भोगल्याने थकबाकी फिटत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये सांगितले. पगारदार पतीबाबत दिवाणी प्रक्रिया संहितेत विशेष सवलत आहे. पोटगीच्या हुकूमनाम्यात पगाराचा एक-तृतीयांश भागच जप्तीतून मुक्त राहतो. तळोजे किंवा रसायनी येथील कारखान्यात कायम नोकरी असलेल्या पतीकडून म्हणून वसुली शक्य होते. कंत्राटी कामगार, रिक्षाचालक वा छोटा व्यापारी ह्यांच्याकडून ती करताना पत्ता शोधण्यापासूनच सुरुवात होते. १९८२ च्या गिरणी संपानंतर ‘नोकरी नाही’ हे उत्तर अनेकांच्या बाबतीत खरेही होते. उत्पन्न लपविण्याच्या प्रवृत्तीस आळा बसावा म्हणून २०२० मध्ये महाराष्ट्रातून गेलेल्या रजनेश वि. नेहा खटल्यात दोन्ही पक्षांनी उत्पन्न व मालमत्तेचे शपथपत्र देणे आवश्यक ठरविण्यात आले आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून देय धरावी, असा दंडक घालून देण्यात आला.

१९८४ च्या अधिनियमानुसार महाराष्ट्रात कुटुंब न्यायालये १९८९ पासून पुणे व मुंबई येथे सुरू झाली. दहा लाखांहून अधिक वस्तीच्या शहरांपुरतीच ती सक्तीची असल्याने पनवेलसारख्या गावी पोटगीचे काम मुख्यतः न्यायदंडाधिकाऱ्यापुढेच चालत आले. पनवेलची महानगरपालिका १ ऑक्टोबर २०१६ रोजी झाली, तरी २०११ च्या जनगणनेनुसार तिच्या क्षेत्राची वस्ती सुमारे पाच लाखच भरते. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाने स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, विनामूल्य वकील मिळण्याचा हक्क दिला असून त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता अंमलात आल्याने कलम १२५ ची जागा तिच्या कलम १४४ ने घेतली. अर्ज पत्नी जेथे राहते तेथे करण्याची मुभा तिच्या कलम १४५ मध्ये कायम आहे.